डेक्सामेथासोन : नाम

तार्तूच्या कोशकचेरीत 'ड' विर्वेकडे आहे.
एस्टोनियन भाषेत ड-ने सुरू होणारे शब्द
जवळजवळ सगळेच पाहुणे: डिझेल, डिप्लोमा, डायनामाइट.
गुरुवारी सकाळी, डेकोरेशननंतर आणि डेल्फीनच्या आधी,
हा आला.

व्युत्पत्ती: संदिग्ध.
शेपूट कॉर्टिसोनचं, मधे मिथाइल.
पुढच्या 'डेक्सा'वर एकमत नाही.
कुणी म्हणतं, रेणूच्या सोळाव्या कार्बनाला काहीतरी चिकटलंय,
म्हणून ग्रीकमधले सहा आणि दहा
घाईघाईत एकमेकांत शिरले.
तिनं पेन्सिलीनं प्रश्नचिन्ह काढलं.

ही नोंद मराठीत असती
तर सोळा म्हटल्यावर चंद्र आला असता, कलांसकट,
आणि हेल्दुरचा चेहरा तिथे आपोआप बसला असता:
सहा आठवड्यांत गोल झालेला, तुकतुकीत,
डोळे गालांत बुडालेले.
तिच्या भाषेत चंद्र आणि महिना, दोघांना एकच शब्द: कू.
किती कू, तिनं डॉक्टरीणबाईंना विचारलं होतं.
त्या खिडकीकडे बघत म्हणाल्या,
दोन. तीनसुद्धा असतील.

अर्थ: सूज उतरवणारं कृत्रिम स्टेरॉइड.
चार शब्द. कुठली सूज, ते कोश विचारत नाही.

मार्चमध्ये हेल्दुरला चमचा सापडेना.
चमचा हातात होता, शब्द सापडेना.
चाळीस वर्षं लोकांची कुलपं उघडून दिलेला माणूस
म्हणाला, ते हे गं, सूपाचं फावडं.
पुढच्या आठवड्यात फावडंही गेलं.
मग सकाळी आठ मिलिग्रॅम, दुपारी चार,
आणि तिसऱ्या दिवशी बटाटे सोलता सोलता,
कुणी विचारलेलं नसताना, तो म्हणाला: चमचा.
मग: बिजागरी. खिट्टी. कानस. विर्वे.
याच क्रमानं.
ती अजून टोमणा मारते, कानशीच्या मागून आले मी.

वापर:
रात्री दोनला राईच्या पावाची अख्खी लादी फस्त.
तीनला खिळे, लांबीनुसार, बरण्यांत.
चारला काल्युला फोन,
की एकोणनव्वद साली नेलेली शिडी आण.
विर्वे डोक्यावर उशी घेऊन ऐकत पडते.
शिव्यासुद्धा शुद्ध, विभक्तीला धरून.
तिला झोप नको असते.

उदाहरण देणं बंधनकारक आहे. नियमावली, पान नऊ:
वाक्य साधं हवं, त्यात कुणी ओळखीचं नको.
"डेक्सामेथासोनमुळे नवऱ्याला मी सापडले."
खोडलं.
"डेक्सामेथासोननं माणूस रात्रभर बोलतो, बोलू द्यावं."
खोडलं, पण सावकाश.
"डेक्सामेथासोन एकदम थांबवू नये, हळूहळू कमी करावं."
हे ठेवलं. कुणाचंही होऊ शकतं.
मांड्यांतलं बळ गेलंय त्याच्या, जिना चढवत नाही,
सोमवारपासून गोळी अर्धी.

तिच्या भाषेत भविष्यकाळही नाही.
उद्या येईन म्हणायचं तर, उद्या येते.
उन्हाळ्यात तू बोलशील का, हे विचारायचं तर
उन्हाळ्यात तू बोलतोस का.
परवा तिनं विचारलं.
तो म्हणाला, बोलतो की. काय बोलू?

शेवटी विभक्त्या, चौदा.
त्या यंत्र भरतं, ती नुसती तपासते.
च्या, ला, त, वर, पर्यंत.
तेरावी: डेक्सामेथासोनविना.
इथे चहा गार झाला.
चौदावी, व्याकरणात सगळ्यात शेवटची:
डेक्सामेथासोनसह.
बरोबर आहे, असं खाली लिहून सही.

पुढचा शब्द डेल्फीन, म्हणजे डॉल्फिन.
अर्थ तिनं लगेच लिहिला.
उदाहरणाची जागा कोरी ठेवून कागद पिशवीत घातला.
घरी जाऊन विचारायचं होतं,
तुला एखादं वाक्य सुचतंय का.