रीडिंग शून्य

मोसुलच्या जुन्या शहरातल्या सातशे बारा घरांचं पाणी
अठरा वर्षं मी मोजलं.
तिथे गल्लीचं नाव विचारू नये, उंबरा विचारावा.
उंबरे मला पाठ होते:
कुठे कुत्रं, कुठे थकबाकी,
कुठे हाज्जा बद्रीया मीटरवर ओलं फडकं वाळत घालायची
आकडा दिसू नये म्हणून.

मेजरकडे आकाशातून काढलेले फोटो होते.
छपरंच छपरं.
"खाली काय आहे ते तू सांग, धन्नून."
गल्ल्या अशा, की रणगाड्याचा खांदा अडकावा.
म्हणून त्याची पोरं भिंतींना भोकं पाडत पुढे सरकत होती,
एकाच्या स्वयंपाकघरातून दुसऱ्याच्या न्हाणीघरात.
दारं कुणी वापरतच नव्हतं.
दारात मरण बसलेलं.

तळघर असेल तिथे मी निळी फुली केली.
माणसं असतील तिथे दोन.
अबू सफाना कुंभाराच्या घरापाशी पेन्सिल अडली.
वही काढली. लढाईआधीचे तीन महिने, रीडिंग शून्य.
"रिकामं," मी म्हणालो.

त्या छपरावर एक बंदूकवाला होता.
एकच.
सकाळपासून त्याने चौघांना टिपलं होतं.
त्यातला एक नासिरियाचा, एकोणीस वर्षांचा,
आदल्या रात्री मला चहा देताना साखर विसरला
आणि स्वतःच ओशाळला होता.
मेजरने वायरलेसवर आकडे सांगितले.
मी कानात बोटं घातली, इतकंच.

अकराव्या दिवशी ढिगारा उपसला
तर तळघरात विहीर निघाली.
पणजोबांच्या वेळची, दगडी.
दोरीला डबा तसाच. डब्यात पाणी.
बिलाच्या धास्तीने
नळ उघडलाच नव्हता त्यांनी.

किती जण, ते मी मोजलं.
मोजायची सवय आहे मला.

आता नवे मीटर आलेत, प्लास्टिकचे.
खात्याने परत बोलावून घेतलंय.
लोक म्हणतात, याचं डोकं फिरलंय,
आकडा टिपून झाला तरी हलत नाही,
दार वाजवत राहतो.
वाजवतोच मी.
आतून कुणी खेकसलं, "कोण आहे रे?"
की लिहितो: माणसं आहेत.

छापील फॉर्मात त्याला रकाना नाही.
समासात लिहितो.