हात लावू नका

लायब्ररी म्हणतात तिला,
पण पुस्तक एकही नाही, कपाट नाही,
'शांतता राखा' अशी पाटी नाही.
दोनशे बारा केबीची एक फाईल,
आतल्या आतल्या फोल्डरात पडलेली.
चुकून कुणी डबलक्लिक केलंच
तर संगणक विचारतो, 'हे कशाने उघडू?'
आणि माणूस घाबरून खिडकी मिटतो.

तार्तू गावात, डेअरीच्या दुधाचे हिशेब संपवून
रात्री दहानंतर आइवो कांग्रो तिला उघडतो.
मूळ लिहिणारा वेगळाच कुणी,
लिस्बनचा की कुठला, आता पत्ता लागत नाही.
त्याची एक टीप तेवढी उरलीय आत:
'ही ओळ का चालते मला माहीत नाही. हात लावू नका.'
आइवोने नऊ वर्षं लावलेला नाही.

काम तसं हमालीचं.
टेबलावरच्या प्रोग्रॅममध्ये कुणी चार ओळी लिहितं,
'पाठवा' दाबतं.
ही त्या ओळी उचलते, घडी घालते,
पलीकडच्या ब्लॉगच्या दारात उभी राहून
नाव सांगते, पासवर्ड सांगते,
ठेवते, पावती घेते, परत येते.
काय लिहिलंय ते वाचत नाही.
कुणाच्या अध्यात नाही, मध्यात मात्र कायम.

हीउमा बेटावर लाइने पिह्लाक,
वय एकोणऐंशी, पूर्वी बोटीची तिकिटं फाडायची,
सकाळी धक्क्यापाशी बर्फाला भोक पाडते
आणि शिवणकामाच्या पट्टीने जाडी मोजते.
मग लिहिते:
एकवीस सेंटिमीटर. वारा ईशान्येचा.
बहीण आली होती, सफरचंदाचा मुरंबा देऊन गेली.
साखर जास्त.
नेट असलं तर जातं. नसलं तर रांगेत थांबतं.

गेल्या हिवाळ्यात तिचं पत्र आलं आइवोला,
कागदाचं, तिकीट लावलेलं:
'नवीन प्रोग्रॅम घातल्यापासून
माझ्या बहिणीला तोंडाशीच प्रश्नचिन्ह येतं.
सफरचंदालासुद्धा.
बहिणीबद्दल मला तसे प्रश्न आहेत, पण ते मी लिहिलेले नाहीत.'

त्यांच्या भाषेत एक अक्षर आहे,
ओ-च्या डोक्यावर नागमोडी रेघ,
उच्चार घशात कुठेतरी अर्ध्या वाटेवर थांबलेला.
आपल्या ळ-सारखंच,
शेजारच्या बेटावरच्यांच्याही जिभेवर बसत नाही.
बहीण त्याच अक्षराने सुरू होते. सफरचंदही.
प्रोग्रॅम म्हणाला एक, फाईलने ऐकलं दुसरं,
आणि मधल्या मधे बहीण गळाली.

तीन रात्री शोधलं त्याने.
खिडकीबाहेर एमायोगी नदी गोठत होती
की वितळत होती, लक्ष नव्हतं.
तपासायला शब्द हवा म्हणून तोच टाइप करायचा,
बहीण, बहीण, बहीण,
पाठवा, बघा, पुन्हा.
त्रेचाळिसाव्या खेपेला त्याने फोन उचलला.
पॅर्नूचा नंबर अजून पाठ होता.
रात्रीचा दीड वाजला होता. ठेवून दिला.

शेवटी चूक सापडली
नेमकी त्याच ओळीत.
लावला हात.

पुढचे चार दिवस
चिलीमधल्या एका मधमाशा पाळणाऱ्याच्या नोंदी
दोन-दोनदा जात राहिल्या,
एकेका पोळ्यात दुप्पट मध.
त्याने तक्रार केली, तीही दोनदा आली.
तेही निस्तरलं. आइवोने जुन्या टिपेखाली लिहिलं:
'मला आता थोडं माहीत आहे. तरीही जपून.'

मार्चमध्ये बेटावर वादळ, नेट बंद.
अकरा नोंदी रांगेत दाटीवाटीने उभ्या होत्या,
बाराव्या दिवशी एकदम सुटल्या.
शेवटची अशी:
चौदा सेंटिमीटर. भोकातून पाण्याचा आवाज येतो.
उद्यापासून मोजणार नाही, पाय टाकवत नाही.
बहीण आली. अख्खी आली.
मुरंबा नाही आणला.

पलीकडून पावती: दोनशे. म्हणजे पोचलं.
फाईल पुन्हा आपल्या फोल्डरात जाऊन पडली.