कीस

सातपूरला लेथवर उभं राहून बावीस वर्षं झाली.
एवढं कळतं मला :
एकदा टूल फिरलं की निघालेला कीस
परत जॉबला चिकटत नाही.
तो ट्रेमध्ये पडतो, निळसर, गरम, कुरळा,
शनिवारी भंगारवाला किलोवर नेतो.

म्हणून श्रेयसी जेव्हा म्हणाली,
"पप्पा, त्या पिक्चरची लांब प्रत आलीय,
दिग्दर्शकाची स्वतःची, पावणेचार तासांची,"
तेव्हा मी म्हटलं, बिघडलेला माल
जास्त दिला म्हणून चांगला होतो का?

कारण तो आम्ही पाहिला होता,
उंटवाडीच्या मॉलमध्ये, मी आणि गांगुर्डे.
पॉपकॉर्नच्या पैशात तीन किलो द्राक्षं आली असती.
दोन तास चार मिनिटं.
निळ्या कवचातला तो उडाला, आदळला, परत उडाला,
एक पूल पडला,
एक बाई दोन सेकंद किंचाळली,
आणि तो गुडघे टेकून असा रडला
की गांगुर्डे अंधारात मोठ्याने बोलला,
"अरे, ही कोण लागते याची?"
सगळं थिएटर हसलं. मीही.

डिसेंबर. निफाडचा पारा पाचावर.
सिडकोतल्या दोन खोल्यांत एका गोधडीत आम्ही दोघं,
मोबाइल टीव्हीला जोडलेला.

पहिली चाळीस मिनिटं कुणी उडतच नाही.
बाप नळाचा वायसर बदलतो.
पोरगा काचेचा पेला धरायला शिकतो,
एक फुटतो, दुसरा फुटतो,
आई झाडू घेऊन येते, ओरडत नाही,
स्टीलचा पेला पुढे करते.
तोही चेपतो.
श्रेयसी हसली. मग हसायची थांबली.

आणि ती बाई
टोलनाक्यावर बसते.
तिला नाव आहे. डब्यात उकडलेली अंडी आहेत.
सुट्टे नसलेल्या एका म्हाताऱ्याला ती रोज तसाच सोडते,
आणि या पोराला, कवच नसतानाच्या दिवसांत,
तिने एकदा खिडकीतून नुसतं विचारलंय : जेवलास का?

सहा मिनिटं.
सहाच मिनिटं कापली होती कुणीतरी
दिवसाला एक खेळ जास्त बसावा म्हणून,
आणि अशी किती सहा-सहा मिनिटं.

पूल तोच. किंकाळी तीच, दोन सेकंदांची.
मी रिमोट शोधायला लागलो, उगीच.

सगळंच सुधारलंय असं नाही.
पावसातली मारामारी लांबलीय, दिग्दर्शक वाहवलाय.
खलनायकाचं भाषण तर आमच्या युनियनच्या सभेसारखं,
तिथे टूल मी स्वतः फिरवलं असतं.

पण दोन वाजून दहा मिनिटांनी
मला मोतीराम भोये आठवला.
सुरगाण्याचा, कंत्राटी, प्रेस शॉपचा.
त्याच्या अपघाताचा अहवाल तीन ओळींचा होता,
साक्षीदार म्हणून खाली माझी सही :
वेळ, मशीन नंबर, कामगाराचा निष्काळजीपणा.
त्यात नव्हतं की सेन्सर महिनाभर बंद होता.
त्यात नव्हतं की तो नागलीची भाकरी आणायचा
आणि अर्धी मोडून आधी दुसऱ्याला द्यायचा,
की पाळी संपली की मशीनवरून हात फिरवायचा,
बैलाच्या पाठीवरून फिरवावा तसा.
तोच हात.
तीन ओळी नीट बसल्या होत्या
छापील चौकटीत.

"पप्पा, एक तास राहिलाय. उद्या बघू?"
त्रिमूर्ती चौकाकडून दुधाची गाडी गेली.
"नको," म्हटलं, "चालू ठेव."

पहिल्या पाळीला, डोळे चुरचुरत,
गांगुर्डेला सांगितलं, ती बाई कोण होती ते.
तो चहावर फुंकर घालत म्हणाला,
"एका पिक्चरचा किती कीस पाडशील राव!"

पाडतो, म्हटलं.
आणि विचारलं, भोयेच्या घरचा नंबर
आहे का रे तुझ्याकडे?

त्याने कप खाली ठेवला.