त्याची तूर अजून हिरवी आहे

परतलो तेव्हा बांध कुणालाच आठवेना.
बारा वर्षं छावणीत,
एकाची चूल दुसऱ्याच्या भिंतीला टेकलेली.
पोरांना वाटायचं, धान्य ट्रकमध्ये पिकतं.

मग लाकोत म्हातारीला
सायकलच्या कॅरियरवर बसवून आणलं.
दिसत नव्हतं तिला फारसं.
तिनं वारूळ चाचपलं, शेआच्या बुंध्याला नाक लावलं,
म्हणाली, इथून ओचित्तीचं. तिथून तुझ्या बापाचं.
चार पावलं कमी पडली म्हणून
ओचित्ती तीन दिवस बोलला नाही.
चौथ्या दिवशी कुदळ मागायला आला.

किडेगा आला तो उन्हाळ्यात.
नऊ वर्षांचा नेला होता त्यांनी,
दाढी घेऊन आला.
रीतीप्रमाणं उंबऱ्यात कोंबडीचं अंडं ठेवलं.
त्यानं पाय ठेवला इतका हलका
की फुटेचना.
आई म्हणाली, जोरात रे. घर तुझंच आहे.

त्याच्या हातून काय झालं, आम्ही विचारलं नाही.
ओचित्तीला माहीत असावं.
किडेगाची टोळी आचवा उतरून आली
त्याच वर्षी त्याचा थोरला गेला.
तरी पेरणीला दोघांच्या रांगा शेजारी.
पाठमोरे, पण शेजारी.

मी अजून चपला दाराशी ठेवून झोपते,
रस्त्याकडे तोंड करून.
तेव्हा दिवस कलला की डोक्यावर चटई,
आणि आम्ही पोरं गुलूच्या वाटेला.
नुसतं झोपायला सात मैल.
बसस्थानकाच्या ओसरीत कुणाचा पाय कुणाच्या तोंडात,
उजाडलं की परत.
लेक माझी आता एक चप्पल कुठंतरी टाकून येते.
रात्री उठून मी शोधत बसते.
परवा सापडलीच नाही,
आणि तरी उजाडलं.

यंदा तीळ झाला.
वाळलेल्या पेंढ्या उलट्या धरून झटकल्या,
तर त्या आवाजानं किडेगा मटकन खाली बसला.
कुणी काही बोललं नाही.
थोड्या वेळानं उठला,
पुढची पेंढी उचलली.

आईनं दगडावर तीळ वाटला,
वाटी भरून माझ्या हाती दिली:
जा, ओचित्तीकडे.
त्यानं घेतली. आत गेला.
दार लोटलं.

आज अकरावा दिवस. वाटी आली नाही.
मी जाऊन मागू का, विचारलं.
आई म्हणाली,
रिकामी कशी देईल?
त्याची तूर अजून हिरवी आहे.