ऱ्हस्व की दीर्घ

कासारीच्या अंगानं बघितला तर तो वाकोबा.
भातलावणीत एकटाच मागं राहिलेला गडी,
पाठीवर इरलं, तोंड कुणाला दिसत नाही.
माझं माहेर त्या अंगाला.
अठ्ठावीस उंबरे, एक पिठाची गिरण.

कुंभीच्या अंगानं तीच सुपली.
पाखडायला कुणीतरी टोक धरून उचललेलं सूप.
उन्हाळ्यात वरून खरंच फोल उडतं,
वाळल्या गवताचं, कारवीचं,
आणि आमच्या ताकात पडतं.

ह्या अंगाला मी नांदायला आले,
खिंडीतनं चालत, ट्रंक मामाच्या डोक्यावर.
जांभ्याच्या सड्यावर, पाणी जिथं दोन नद्यांना वाटून जातं,
तिथं मागं वळले. वाकोबा वाकलेलाच होता.
पुढं शंभर पावलांवर तो बाई झाला.

त्याच सांजेला ताटातल्या तांदळात
अंगठीनं माझंही नाव गिरवलं: सुनंदा.
ओ द्यायला सहा महिने लागले.
म्हशी लवकर शिकतात.

धनगरवाड्यावरचा धाकलू झोरे म्हणायचा,
"आमी त्याच्यावरच ऱ्हातो.
ऱ्हात्या घराला कोण नावं ठेवतं?"

परवा बांधाला जीप लागली.
दोन पोरं, तिकाटणं, छत्री धरायला तिसरा.
वर जाऊन आली, गुडघ्यापर्यंत कुसळं.
आठशे एकाहत्तर, एक म्हणाला, फार नाही.
फार नाहीच.
पन्हाळ्यावरून बोट दाखवलं
तर त्या बोटामागंच झाकतो.

"मावशी, ह्या डोंगराला काय म्हणतात?"

डोक्यावर गवताचा भारा होता.
भाऱ्याखाली माणूस फार विचार करत नाही.
वाकोबा म्हणावं तर सासर ऐकतंय,
सुपली म्हणावं तर माहेर खिंडीत उभं.
"आनुबाई," तोंडातनं गेलं,
पायाखालचा खडा सुटून उतरणीला लागावा तसं.

एकतीस वर्षं झाली.
आई गेल्यापासनं त्या नावानं
कुणी मला जेवायलाही बोलवलं नाही.

"देवी आहे का कुणी?"
"न्हाई. हिथलीच हाय."
"म्हणजे आनुबाईचा टेक?"
"व्हय. टेकच."

त्यानं फळीवर कागद धरला. पेन थांबलं.
"नु ऱ्हस्व की दीर्घ?"

शाळेच्या दाखल्यावर, रेशनकार्डावर,
दूध संस्थेच्या पुस्तकावर
ज्याला जे सुचलं ते त्यानं लिहिलं.
विचारलं नव्हतं कुणी.

भारा जरा मागं सारला, वर बघितलं.
ढगाची सावली खिंडीतनं अलीकडं येत होती
पायवाट धरून, काही घाई नसल्यासारखी.

"दीर्घ लिवा," मी म्हटलं,
"डोंगुर हाय.
आखडून कशाला?"