पाटी

वळिवडे कॅम्पात आबा दूध घालायचे.
पोलंडची माणसं, कौलारू बराकी.
त्यातली झोफियाबाई मापाला पक्की.
एकदा तिनं काठीनं मातीत गाव काढलं. ल्वुफ.
म्हणाली, घर तिथंच आहे,
सरहद्दच घरावरून चालत गेली.
आबा हसले:
सरहद्द काय म्हैस आहे, दावं तोडून जायला?

परवा इंगवल्यांची केतकी परत आली,
डॉक्टरकी अर्धी टाकून,
पोलंडच्या नाक्यावर दोन रात्री बर्फात उभी राहून.
कुठं होतीस? तर म्हणाली, ल्विव्ह.
मी दोन्ही नावं रद्दीवर लिहून बघितली.
गाव एकच.

मी पाट्या रंगवतो.
जुनं नाव न खरवडता वर नवा रंग मारला
की उन्हात फुगतो, पोपडा धरतो,
खालचं अक्षर वर येतं.
निपाणी रोडला एकाच खांबावर
तीनदा नाव घातलंय मी,
दोनदा त्यावर डांबर बघितलंय.

चहाच्या गाड्यावर रोज लढाई.
एक म्हणतो, रशियाला शेजार गिळायचाय;
दुसरा म्हणतो, अमेरिकेनं फूस लावली,
नाटो पार उंबऱ्यात आणलं.
तेलाचा डबा महागला, एवढ्यावर एकमत.
केतकी कप ठेवून उठली.

संध्याकाळी कापडात शिवलेलं पार्सल घेऊन आली.
घरमालकिणीला औषधं.
पोचेल का, कुणाला ठाऊक.
पत्ता तिनं मोबाईलवर दाखवला, त्यांच्या लिपीत.
बारका ब्रश घेतला.
वाचता येत नव्हतं,
म्हणून एकेक अक्षर
सावकाश काढलं.