वजा पन्नास

बाबांची टेप पन्नासपासून सुरू होते.
पुढचा तुकडा मी नेला, शाळेत असताना,
पत्र्याच्या कात्रीनं, न विचारता.
ते पिवळं अर्धं मीटर आता वर फिरतंय
आकड्यांसकट.

दाल्काउएत होड्या बांधणारा माणूस
आपली टेप बायकोलाही देत नाही.
तीन दिवस बोलले नाहीत. चौथ्या दिवशी
शाळेत आले, आमचा उपग्रह हातात घेतला,
ओंजळीएवढा डबा, नाव पिंकोया,
उलटापालटा केला आणि म्हणाले,
"या कोपऱ्याचा काटकोन चुकलाय."

चुकला होता.

टेप दुमडून बांधली मासेमारीच्या नायलॉननं.
वर गेल्यावर एक तार तापणार, दोरा जळणार,
पट्टी सटकन ताठ होणार, अँटेना म्हणून,
आणि पिंकोया बोलणार: आधी नाव, मग तापमान,
मोर्समध्ये, ज्याला जमेल त्यानं ऐकावं.
ऐकलं. सायबेरियातल्या एका दंतवैद्यानं,
टास्मानियातल्या दोन म्हाताऱ्या बहिणींनी.
त्यांची कार्डं बाबांनी
करवत टांगायच्या खिळ्याला अडकवली.

तिसऱ्या हिवाळ्यात बॅटरी मेली.
मी रात्र रात्र नुसती खरखर ऐकली.
बाबांनी नवी टेप घेतली नाही.
फळीवर आकडा वाचायचा, पन्नास काढायचे.
एकदाच विसरले. अर्धा मीटर आखूड ती फळी
आमच्या दारात बाकडं होऊन बसली आहे.

काल, नऊ वर्षांनी,
खरखरीतून बारीक शिट्टी आली.
बॅटरी मेलेलीच आहे. ऊन लागलं की
तेवढ्यापुरती बोलते, सावलीत शिरली की गप्प,
आणि पुन्हा उजेडात आली की आपलं नाव
पहिल्यापासून सांगते.
येताना सूर चढा, डोक्यावरून पुढे गेली
की घसरत घसरत खाली;
मी बटण फिरवत तिच्या मागे मागे.

बाबा दारात. भुवयांवर भुसा.
"काय म्हणते?"
"वजा अठरा."
"म्हणजे तिथंही वजा करावं लागतं."

मग ती डोंगरांमागे गेली. चहा गार झाला होता,
तो त्यांनी तसाच प्यायला.
बाहेर फळी वाट बघत होती. मी एक टोक धरलं.
"दोनशे दहा," ते ओरडले.
मी एकशे साठ लिहिले.